मुन्योस, एउनीस

मुन्योस, एउनीस : (३० जुलै १९२८ – १५ एप्रिल २०२२). पोर्तुगीज रंगभूमी व चित्रपट अभिनेत्री. जन्म दक्षिण पोर्तुगालच्या आलेंतेजू प्रांतातील आमारेलेजा या गावी. आईवडील दोघेही गावोगाव खेळ करणाऱ्या कलावंत घराण्यांतले. नाटक आणि सर्कस या दोन्ही परंपरा घरात होत्या.

त्यांच्या कारकीर्दीचा आरंभ कधी धरावा, याविषयी दोन मते आढळतात. वयाच्या पाचव्या वर्षाच्या सुमारास त्या कुटुंबाच्या फिरत्या मंडळीत रंगमंचावर येऊ लागल्या, असे बहुतेक चरित्रपर लेखनात येते. ही मंडळी उभारता व मोडता येणारे नाट्यगृह बरोबर घेऊन हिंडत. त्यांच्या खेळांच्या नोंदी तुटक असल्याने नेमके वर्ष सांगणे कठीण आहे. दुसरी तारीख मात्र पक्की आहे. २८ नोव्हेंबर १९४१ रोजी लिस्बनच्या, राणी दोना मारिया दुसरी हिच्या नावाच्या राष्ट्रीय नाट्यगृहात व्हिर्जीनिया व्हितोरीनू यांच्या ‘व्हेंदाव्हाल’ या नाटकात त्यांनी तेराव्या वर्षी पदार्पण केले. तेव्हा हे नाट्यगृह आमेलिया रे कोलासू व रोब्लेस मॉन्तेइरू यांच्या नाटक मंडळीकडे होते. कारकीर्दीची ऐंशी वर्षे हीच तारीख धरून मोजली गेली आणि मोजणीपुरती तीच ग्राह्य वाटते. अभिनयाच्या घडणीचा विचार करताना मात्र त्याआधीची भटकंती वगळता येत नाही. राष्ट्रीय नाट्यगृहात आलेली मुलगी नवखी नव्हती. पुढे लिस्बनच्या राष्ट्रीय कलाशिक्षणसंस्थेत त्यांनी नाट्यशिक्षण घेतले.

ही ऐंशी वर्षे सलग नाहीत. १९५० नंतर लवकरच त्या सुमारे चार वर्षे रंगभूमीपासून दूर राहिल्या. या काळात त्यांनी नाटकाबाहेरची साधी नोकरी केल्याचे सांगितले जाते. १९५५ मध्ये आव्हेनीदा नाट्यगृहात जोन ऑफ आर्कच्या भूमिकेतून त्या परतल्या आणि त्या प्रयोगांना मोठी गर्दी लोटली. त्यांच्या प्रौढ अभिनयाची सुरुवात इथून मानणे अधिक योग्य ठरेल.

सालाझार यांनी उभारलेल्या आणि १९७४ पर्यंत टिकलेल्या पोर्तुगालमधील हुकूमशाही राजवटीत नाटकाची संहिता अभ्यवेक्षणातून (सरकारी पूर्वतपासणीतून) पार पडल्याशिवाय रंगमंचावर येत नसे. व्हिटकिएविच या पोलिश नाटककाराचे ‘आई’ हे मुन्योस यांच्यासाठी योजलेले नाटक असेच बंद पाडले गेले. त्यावरून साँव लुईश नाट्यगृहाचे संचालक लुईश फ्रांसिश्कू रेबेलू यांनी राजीनामा दिला. १९७२ मध्ये झां झने यांच्या ‘मोलकरणी’ या नाटकात त्यांनी व्हिक्टर गार्सिया यांच्या दिग्दर्शनाखाली काम केले. राष्ट्रीय नाट्यगृह डिसेंबर १९६४ च्या आगीत जळाले होते. ते १९७८ मध्ये पुन्हा उघडले. तिथेच १९८६ मध्ये जुआंव लोरेन्सू यांनी बसवलेल्या, मार्क्सवादी जर्मन नाटककार ब्रेख्टच्या ‘मदर करेज’मधील त्यांची भूमिका सर्वश्रेष्ठ मानण्याकडे बऱ्याच अभ्यासकांचा कल आहे. राजवटीच्या काळात ब्रेख्ट पोर्तुगीज रंगभूमीवर जवळजवळ निषिद्ध होता, हे लक्षात घेतले म्हणजे त्या प्रयोगाचे महत्त्व कळते. हेर्मान ब्रोख यांच्या लेखनावर आधारित ‘झेर्लिना’ (१९८८) तितकेच मोलाचे आहे. वृद्ध मोलकरणीचे दीर्घ निवेदन हा त्याचा गाभा.

अखेरचे नाटक फ्रान्त्स क्साव्हर क्र्योत्स यांच्या निःशब्द नाटकावरून केलेले ‘आ मार्जेम दू तेंपू’. त्यात नात लीदिया मुन्योस त्यांच्याबरोबर होती. पदार्पणाला ऐंशी वर्षे झाली त्याच दिवशी, २८ नोव्हेंबर २०२१ रोजी, राष्ट्रीय नाट्यगृहातच त्यांनी रंगभूमीचा निरोप घेतला. निधनानंतर पोर्तुगालमध्ये राष्ट्रीय दुखवटा पाळण्यात आला.

चित्रपटांतील काम त्या मानाने थोडे आहे. पहिला चित्रपट लेइतांव द बारुश यांचा ‘कामोंइश’ (१९४६). त्यातील भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा शासकीय पुरस्कार मिळाला. नंतरच्या चित्रपटांत लाउरू आंतोनियू यांचा ‘मान्यां सुब्मेर्सा’ (१९८०) विशेष उल्लेखनीय. सर्वसामान्य प्रेक्षकांच्या घरोघरी त्या पोहोचल्या त्या ‘आ बांकेइरा दू पोव्हू’ (१९९३) या दूरचित्रवाणी मालिकेमुळे. भरमसाट व्याजाचे आमिष दाखवून ठेवी गोळा करणाऱ्या लिस्बनच्या एका स्त्रीच्या गाजलेल्या प्रकरणावरून ती सुचलेली होती. लिस्बनजवळच्या ओएइराश येथील नगरपालिकेच्या नाट्यगृहाला त्यांचे नाव दिलेले आहे.