सातारा राज्य : स्थापनेचा प्रश्न

महाराष्ट्रातील भोसले घराण्याच्या थोरल्या गादीचे राज्य. छत्रपती शाहू यांच्या राज्याभिषेकापासून (१२ जानेवारी १७०८) ही गादी साताऱ्यास होती. पेशवाई बुडाल्यावर ईस्ट इंडिया कंपनीने १८१८ मध्ये प्रतापसिंह यांना त्याच गादीवर बसवून त्यांच्याकडे मर्यादित मुलूख सोपवला. पुढे १८४८ मध्ये शहाजी ऊर्फ अप्पासाहेब निवर्तल्यावर दत्तक नामंजूर करून हे राज्य खालसा करण्यात आले. या राज्याची स्थापना १७०८ ची धरावी की १८१८-१९ ची, हा वाद वरवर तिथीचा वाटतो. प्रत्यक्षात राज्य राहणार की बुडणार, हे याच प्रश्नाच्या उत्तरावरून ठरवले गेले; म्हणून येथे त्याचा विचार विस्ताराने केला आहे.

साताऱ्याचा किल्ला शिवाजी महाराजांनी १६७३ मध्ये घेतला. किल्ल्याच्या सात तटांवरून वा सात दरवाजांवरून ‘सातारा’ हे नाव पडले असे सांगतात, पण ही लोकव्युत्पत्ती दिसते. राजाराम महाराजांच्या काळात राजधानी येथे आली. औरंगजेबाने डिसेंबर १६९९ मध्ये किल्ल्याला वेढा घातला. प्रयागजी प्रभू यांनी तो सुमारे साडेचार महिने लढवला. एप्रिल १७०० मध्ये किल्ला पडला आणि मोगलांनी त्याचे नाव ‘आझमतारा’ ठेवले. ‘अजिंक्यतारा’ हे आजचे नाव मराठ्यांनी किल्ला परत घेतल्यानंतरचे. औरंगजेबाच्या मृत्यूनंतर मोगलांच्या कैदेतून शाहूंची सुटका झाली. खेडच्या लढाईत (१७०७) राजारामांच्या पत्नी ताराबाई यांच्या पक्षाची पीछेहाट होऊन ते साताऱ्यास गादीवर आले आणि किल्ल्याच्या पायथ्याशी शाहूनगर वसले. वारणेच्या तहाने (१७३१) सातारा व कोल्हापूर या दोन गाद्यांच्या हद्दी ठरल्या.

शाहूंच्या मृत्यूनंतर (१५ डिसेंबर १७४९) कारभाराची सूत्रे पुण्याकडे गेली. छत्रपती साताऱ्यात जवळजवळ नजरकैदेत राहिले. असे असले तरी पेशवाईची वस्त्रे (छत्रपतींकडून नेमणुकीची खूण म्हणून मिळणारा पोशाख) साताऱ्याहूनच यावी लागत. १७९६ या एकाच वर्षी आधी चिमाजी अप्पा व नंतर दुसरा बाजीराव यांच्यासाठी ती आणवावी लागली. पुण्यात कोणाचेही पारडे जड असो, साताऱ्याच्या वस्त्रांवाचून त्याला पेशवा म्हणता येत नसे. पुढील वादात ही गोष्ट महत्त्वाची ठरते.

१८१८ ची घडामोड : तिसऱ्या इंग्रज-मराठा युद्धात बाजीरावाने प्रतापसिंह व त्यांच्या कुटुंबीयांना आपल्या लष्कराबरोबर फिरवले. फेब्रुवारी १८१८ मध्ये साताऱ्याचा किल्ला इंग्रजांच्या हाती आला. त्या वेळी कंपनीचा अधिकारी माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन याने जाहीरनामा काढला : बाजीरावाची सत्ता संपली असून छत्रपतींना त्यांच्या इतमामास साजेसा मुलूख देऊन स्वतंत्र राज्यावर बसवले जाईल. काही दिवसांतच अष्टीची लढाई झाली. तीत बाजीरावाचे सेनापती बापू गोखले पडले व छत्रपती इंग्रजांच्या छावणीत आले. एप्रिलमध्ये प्रतापसिंह यांना समारंभाने गादीवर बसवण्यात आले. कारभार प्रथम कॅप्टन जेम्स ग्रँट (पुढे ग्रँट डफ या नावाने प्रसिद्ध) याच्या हाती होता. तो राजाच्या स्वाधीन १८२२ मध्ये झाला.

तह २५ सप्टेंबर १८१९ रोजी झाला. पहिल्या कलमाने नीरा व वारणा यांच्यामधील, सह्याद्रीपासून पंढरपूर-विजापूरच्या बाजूपर्यंतचा मुलूख राजे, त्यांचे वारस व त्यांच्या मागून येणारे यांच्याकडे कायमच्या स्वामित्वाने दिला. दुसऱ्या कलमानुसार तो कंपनी सरकारच्या ताबेदारीत राहून, रेसिडेंटच्या (दरबारातील कंपनीच्या प्रतिनिधीच्या) सल्ल्याने सांभाळायचा होता. पाचव्या कलमाने परराज्यांशी व बाहेरच्या सरदारांशी परस्पर व्यवहार करण्यास मनाई केली. ‘कायमचे स्वामित्व’ आणि ‘ताबेदारी’ हे दोन्ही शब्द एकाच कागदावर आहेत. पुढची तीस वर्षे दोन्ही पक्ष आपापल्या सोयीचे कलम उचलून वाद घालत राहिले.

प्रतापसिंह यांनी शाळा, छापखाना, रस्ते यांकडे लक्ष दिले. १८२९ च्या करारान्वये महाबळेश्वरचा डोंगर इंग्रजांना देऊन त्यांनी बदल्यात खंडाळा हे गाव घेतले. त्यांनी बांधलेल्या जुन्या राजवाड्यात पुढे सरकारी हायस्कूल भरू लागले (सध्याचे प्रतापसिंह हायस्कूल). बाबासाहेब आंबेडकरांचे नाव तेथे ७ नोव्हेंबर १९०० रोजी दाखल झाले. जहागीरदारांवरील हक्कांवरून राजाचे मुंबई सरकारशी बिनसले. गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान बांधणे, नागपूरच्या पदच्युत अप्पासाहेब भोसल्यांशी पत्रव्यवहार करणे आणि पलटणीतील हिंदी शिपायांना फितवणे असे आरोप त्यांच्यावर ठेवले गेले. चूक कबूल करून सही केल्यास गादी राहील, असे गव्हर्नर कारनॅक याने सांगितले. राजाने सही केली नाही. ५ सप्टेंबर १८३९ च्या पहाटे वाड्याला लष्कराचा वेढा पडला. त्यांना पालखीत घालून आधी लिंब गावी व पुढे काशीस नेण्यात आले. तेथेच १४ ऑक्टोबर १८४७ रोजी त्यांचा अंत झाला. त्या काळचे कागद वाचताना आरोपांपेक्षा ही न केलेली सहीच अधिक बोलकी वाटते.

खालसा व दोन मते : प्रतापसिंहांच्या जागी गादीवर बसवलेले त्यांचे भाऊ शहाजी ५ एप्रिल १८४८ रोजी निवर्तले. मृत्यूपूर्वी काही तासच त्यांनी व्यंकटराव या मुलास दत्तक घेतले होते. मुंबईचे गव्हर्नर जॉर्ज क्लार्क यांनी दत्तक मान्य करावा असे लिहिले. साताऱ्याचे रेसिडेंट बार्टल फ्रिअर यांचाही कल तिकडेच होता. क्लार्क यांच्या जागी आलेले फॉकलंड यांनी मात्र उलट मत दिले. गव्हर्नर जनरल लॉर्ड डलहौसीने ऑगस्ट १८४८ च्या टिपणात निर्णय खालसाच्या बाजूने दिला आणि जानेवारी १८४९ मध्ये कंपनीच्या लंडनमधील संचालक मंडळाने तो कायम केला.

डलहौसीच्या युक्तिवादाचा आधार स्थापनेची तिथी हाच होता. १८१८ साली मुलूख कंपनीने जिंकलेला होता आणि तो तिने मेहेरबानीने दिला. म्हणजे राज्य कंपनीने निर्माण केले. आश्रित राज्यात दत्तकाला गादी मिळण्यास वरिष्ठ सत्तेची संमती लागते; ती न दिल्यास राज्य देणाऱ्याकडे परत जाते. दुसरा पक्ष म्हणे, घराणे शिवछत्रपतींचे, गादी अखंड, पेशव्यांची वस्त्रे तिच्याच नावाने दिली जात. कंपनीने गादी निर्माण केली नाही, कैदेतून मोकळी केली. शिवाय हिंदू धर्मशास्त्रात दत्तक हा औरसासारखाच वारस असतो, आणि तहात ‘वारस’ हा शब्द कोणतीही मर्यादा न घालता आला आहे.

मुलूख व हद्दी यांपुरते पाहिले तर १८१९ चे राज्य नवे होते, हे मान्य करावे लागते. गादीबाबत मात्र दुसरे मत अधिक सयुक्तिक दिसते. १८१८ च्या जाहीरनाम्याचा सगळा भर छत्रपतींच्या नावावर होता. मराठा सरदारांनी बाजीरावाची बाजू सोडावी म्हणून एल्फिन्स्टनने त्या नावाची जुनी पुण्याई वापरली. तीच पुण्याई तीस वर्षांनी नाकारणे तर्काला धरून नाही. डलहौसीच्या कारकिर्दीत या धोरणाखाली खालसा झालेले हे पहिले राज्य. झाशी व नागपूर यांचा क्रम त्यानंतरचा.

प्रतापसिंह यांचे वकील रंगो बापूजी गुप्ते हे १८४० पासून तेरा-चौदा वर्षे लंडनमध्ये दाद मागत राहिले. परतल्यावर १८५७ च्या उठावाच्या तयारीत त्यांचा हात होता. बेत फुटल्यावर सप्टेंबर १८५७ मध्ये साताऱ्याच्या गेंडा माळावर सतरा जणांना देहान्त शासन झाले, त्यांत त्यांचा मुलगा सीताराम होता. रंगो बापूजी इंग्रजांच्या हाती लागले नाहीत.

साताऱ्याच्या ताब्यातील अक्कलकोट, औंध, जत, फलटण व भोर या जहागिरी खालसाबरोबर नष्ट झाल्या नाहीत. मूळ राज्य गेल्यावर त्या थेट इंग्रजांच्या देखरेखीखाली आल्या आणि कालांतराने संस्थाने म्हणून ओळखल्या जाऊ लागल्या. औंधात १९३९ मध्ये लोकांच्या हाती कारभार देणारी राज्यघटना लागू झाली. ही पाचही संस्थाने १९४८ मध्ये मुंबई राज्यात विलीन झाली. जतचा मुलूख आता सांगली जिल्ह्यात मोडतो.