टॅक्सपावती म्हणजे मालकी नव्हे

नागपूरच्या वस्त्यांमध्ये पक्का समज आहे: घरटॅक्स भरतो, वीजबिल नावावर आहे, म्हणजे जागा आपलीच. असं नाही. पावतीने राहणं सिद्ध होतं, मालकी नाही. पण म्हणून ती फेकू नका! 1 जानेवारी 2000 पूर्वीपासून राहत असल्याचा पुरावा असेल, तर झोपडपट्टी कायद्याचं संरक्षण मिळतं, आणि तो पुरावा बहुतेकदा हीच जुनी पावती असते.

जागेवर कायदेशीर हक्कासाठी पट्टा, म्हणजे जमीन ज्याची त्याने दिलेला हक्काचा कागद लागतो आणि तो नोंदवावाही लागतो. इथेच खरी गुंतागुंत आहे. जमीन कोणाची? मनपाची, नासुप्रची (नागपूर सुधार प्रन्यासची) की नझूलची, म्हणजे शहरातली सरकारी, त्यावर अर्ज कुठे करायचा ते ठरतं. रेल्वेची असेल तर राज्याचा पट्टा तिथे चालतच नाही. पंतप्रधान आवास योजनेत स्वतःच्या जागेवर घर बांधायला अडीच लाखांचं अनुदान होतं, पण जागेचा कागद नसलेले त्यातून बाहेर राहिले. कार्यकर्ते वर्षानुवर्षे मोर्चे काढून पट्टे मागतात ते याचसाठी. त्याला फुकटेपणा म्हणणं अन्यायाचं आहे.