एंटोमोस्ट्राका

एंटोमोस्ट्राका हे कवचधारी प्राण्यांच्या एका मोठ्या आणि सरमिसळ गटाचे जुने शास्त्रीय नाव. खेकडा, झिंगा, शेवंड हे कवचधारी सर्वांच्या ओळखीचे आहेत. ते वगळून जे उरतात, त्यांतले बहुतेक सगळे या नावाखाली येत : पाणपिसू म्हणून ओळखली जाणारी डॅफ्निया, एकाक्ष सायक्लॉप्स, शिंपल्यासारख्या दोन पुटांत राहणारा सायप्रिस, पावसाळी डबक्यांतली फेअरी श्रिम्प, माशांच्या अंगावरच्या उवा, इतकेच काय, समुद्रकाठच्या खडकाला चिकटून बसणारे बार्नॅकलही. वर्गीकरणाची अधिकृत पायरी म्हणून हे नाव आता वापरत नाहीत. तरी तलावाच्या पाण्याचा अभ्यास करणाऱ्यांच्या बोलण्यात आणि जुन्या ग्रंथांत ते भेटते, आणि भेटले की गोंधळ उडवते. या प्राण्यांना सातारा आणि सांगली जिल्ह्यांत जागांची वाण नाही. पश्चिमेचे सडे, कोयना आणि धोमचे जलाशय, पायऱ्यांच्या विहिरी, जत-आटपाडीकडची शेततळी, सगळीकडे ते आहेत. पुढची उदाहरणे शक्यतो याच भागातली घेतली आहेत.

नावाचा उगम : डॅनिश निसर्गअभ्यासक ओटो फ्रीड्रिख म्युलर याने डेन्मार्क आणि नॉर्वेच्या पाण्यांतले बारीक कवचधारी गोळा करून त्यांवर लॅटिनमध्ये ग्रंथ लिहिला. तो १७८५ मध्ये, त्याच्या मृत्यूच्या पुढच्या वर्षी, प्रसिद्ध झाला आणि त्यातूनच हे नाव रूढ झाले. मूळ ग्रीक शब्दांचा अर्थ ‘कवच असलेले कीटक’ असा. त्यापूर्वी स्वीडिश वर्गीकरणतज्ज्ञ लिनीयसने अशा बहुतेक जीवांना मोनोक्युलस या एकाच प्रजातीत (म्हणजे जवळच्या जातींच्या गटात) कोंबले होते. म्युलरने त्यांची फोड केली. डॅफ्निया आणि सायक्लॉप्स ही आज शाळकरी मुलांनाही ठाऊक असलेली नावे त्याचीच. त्याने नॉप्लियस नावाचीही एक स्वतंत्र प्रजाती केली होती. तो प्राणी म्हणजे सायक्लॉप्ससारख्यांचे अंड्यातून नुकतेच बाहेर पडलेले पिल्लू निघाले. प्रजाती गेली, पण नाव टिकले : तीन जोड्या उपांगांच्या या डिंभाला आजही नॉप्लियसच म्हणतात.

फ्रेंच शास्त्रज्ञ लात्रेय याने १८०२ मध्ये खेकडे-झिंग्यांच्या गटाला मॅलॅकोस्ट्राका हे नाव दिले आणि मग दोन कप्प्यांची मांडणी पक्की झाली. मॅलॅकोस्ट्राकाचे शरीर ठरलेल्या हिशेबाचे असते : डोक्याचे ५ खंड, वक्षाचे ८, उदराचे ६ (एका लहान गटात ७). एंटोमोस्ट्राकात खंडांची संख्या जातवार बदलते आणि उदरावर सहसा पाय नसतात. ब्रिटिश संग्रहालयातला विल्यम बेअर्ड हा एकोणिसाव्या शतकातला या विषयाचा मोठा जाणकार. त्याने १८५० मध्ये ब्रिटनमधल्या एंटोमोस्ट्राकावर ग्रंथ लिहिला आणि १८५९ मध्ये नागपूरहून आलेल्या नमुन्यांवरून नव्या जातींची वर्णने केली. हे नमुने पाठवले होते मिशनरी आणि भूशास्त्रज्ञ स्टीफन हिस्लॉप यांनी. नागपूरचे हिस्लॉप कॉलेज त्यांच्याच नावाचे. महाराष्ट्रातल्या पाण्यांचा या शब्दाशी संबंध असा तिथपासूनचा आहे.

शब्द का मागे पडला : ‘मॅलॅकोस्ट्राका नाहीत ते’ एवढीच या गटाची खरी व्याख्या होती, आणि नकारावर उभा केलेला गट वंशावळीच्या कसोटीला उतरत नाही. रेण्वीय अभ्यासांनी तर हा ढीग मधोमध फोडला. डॅफ्निया आणि फेअरी श्रिम्प ज्यांत येतात ते ब्रँकिओपोडा कीटकांच्या बाजूला सरकले. सायक्लॉप्सचे कोपेपोडा आणि बार्नॅकल मात्र खेकड्यांच्या बाजूला गेले. सगळे कीटकच कवचधारी प्राण्यांच्या एका फांदीतून निघाले, हे आता बहुतेक प्राणिशास्त्रज्ञांना मान्य आहे. म्हणजे या जीवांना ‘कीटक’ म्हणणारा म्युलर वाटतो तितका चुकला नव्हता, जरी त्याच्याजवळ तसे म्हणायचे कारण वेगळे होते.

आज हा शब्द वापरायचा तर सैल सामान्यनाम म्हणून वापरावा, असे प्रस्तुत लेखकाचे मत आहे. ‘जाळीत एंटोमोस्ट्राका भरपूर आले’ हे वाक्य ठीक. ‘डॅफ्निया, उपवर्ग एंटोमोस्ट्राका’ हे उत्तरपत्रिकेत लिहू नये, जुन्या क्रमिक पुस्तकात तसे छापलेले असले तरी. दुसरी खबरदारी आकाराची. ‘लहान कवचधारी’ असे सोपे भाषांतर सर्रास दिसते, पण ते दोन्हीकडून गळते. काही मिलिमीटरांचे अँफिपोड हे झिंग्याचे नातेवाईक लहान असूनही मॅलॅकोस्ट्राकात मोडतात. उलट देवमाशाच्या अंगात रुतून राहणारा पेनेला हा कोपेपोड वीतभराहून लांब, ३० सेंटिमीटरांपर्यंत वाढतो.

प्रमुख प्राणी : गोड्या पाण्यात मुख्यतः तीन घराणी भेटतात. ब्रँकिओपोडांचे पाय पानासारखे चपटे असतात आणि त्याच पायांनी ते पोहतात, श्वास घेतात, अन्न गाळतात. डॅफ्निया यांतलीच. तिचे कवच इतके पारदर्शक असते की साध्या सूक्ष्मदर्शकाखाली धडधडणारे हृदय मोजता येते. १८८४ मध्ये रशियन शास्त्रज्ञ मेचनिकॉफने याच पारदर्शक शरीरात रक्तपेशी यीस्टसारख्या बुरशीचे बीजाणू गिळताना पाहिल्या. रोगप्रतिकाराच्या या कामासाठी त्याला १९०८ चे नोबेल मिळाले. २०११ मध्ये डॅफ्निया पुलेक्सचा जीनोम वाचला गेला, तेव्हा तिच्यात सुमारे ३१,००० जनुके असल्याचे दिसले. आपल्याकडच्या उथळ, कोमट पाण्यात मात्र डॅफ्नियापेक्षा तिची ठेंगणी चुलतबहीण मोइना जास्त सापडते.

कोपेपोडांच्या सुमारे १३,००० जाती माहीत आहेत आणि बहुतेक समुद्रात राहतात. तिसरे घराणे ऑस्ट्रॅकोडांचे, म्हणजे सायप्रिसचे. त्यांचे कवच चुन्याचे असल्यामुळे त्यांचे जीवाश्म उत्तम टिकतात. ज्या लाव्हाच्या थरांनी साताऱ्याचे डोंगर बनले, त्याच दख्खनच्या लाव्हाच्या दोन थरांमध्ये काही ठिकाणी तळ्यांचा गाळ अडकला आहे. विदर्भातल्या अशा गाळात ऑस्ट्रॅकोडांची कवचे सापडतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वी, दोन उद्रेकांच्या मधल्या शांत काळात तिथे गोडे पाणी साठले होते, याचा हा पुरावा.

सड्यावरची डबकी : सडा म्हणजे डोंगरमाथ्यावरचा उघडा, सपाट कातळ. साताऱ्याच्या पश्चिमेला कास, दक्षिणेकडे पवनचक्क्यांचे चाळकेवाडी, उत्तरेला पाचगणीचे टेबल लँड ही त्याची ओळखीची रूपे. माथ्याला जांभा, खाली काळा बसाल्ट. जूनमध्ये पाऊस धरला की कातळातले खळगे भरतात. त्यांत मासे नसतात, आणि हीच गोष्ट फेअरी श्रिम्पच्या पथ्यावर पडते, कारण मऊ अंगाचा आणि कवच नसलेला हा प्राणी माशांपुढे टिकूच शकत नाही. तो पाठीवर, म्हणजे पोट वर करून पोहतो. स्ट्रेप्टोसेफॅलस प्रजातीत पायांच्या ११ जोड्या लयीत हलत असतात आणि नराच्या डोक्याला मादीला धरण्यासाठी आकडेवजा मोठ्या शृंगिका असतात. या शृंगिकांच्या वळणावरून जात ओळखतात. सह्याद्रीतल्या अशाच डबक्यांतून स्ट्रेप्टोसेफॅलस सह्याद्रिएन्सिस ही जात शास्त्रज्ञांनी २०१४ मध्ये नव्याने वर्णिली. ज्या कातळांवरून माणसे पिढ्यानपिढ्या गुरे चारत आली, तिथली जात शास्त्राच्या दप्तरात यायला एवढा काळ लागला.

डबके आटायच्या आत सगळा जन्म उरकायचा असतो. अंड्यातून निघाल्यावर एक-दोन आठवड्यांतच प्राणी प्रौढ होतो आणि मादी जाड कवचाची अंडी टाकते. ही अंडी कोरड्या गाळात उन्हाळाभर, चटके बसतील अशा तापलेल्या कातळावर जिवंत राहतात. वेळ पडल्यास कित्येक वर्षे. पुढच्या पावसात सगळी एकदम फुटत नाहीत. वळवाची एखादी सर खळगा भरून गेली आणि पुढे आठवडाभर पाऊसच आला नाही, तर त्या वेळी फुटलेली पिढी मरते, पण गाळात राखीव अंडी शिल्लक असतात. नॉर्वेच्या जी. ओ. सार्सने १८८० च्या दशकात याचाच फायदा घेतला. ऑस्ट्रेलियाहून आलेला वाळका चिखल त्याने पाण्यात भिजवला आणि घरबसल्या तिथल्या क्लॅडोसेरांच्या, म्हणजे डॅफ्नियाच्या गटातल्या, जाती वाढवून त्यांची वर्णने छापली. हा प्रयोग शाळेत सहज होतो. मे महिन्यात गावतळ्याच्या कोरड्या काठचा ओंजळभर गाळ आणून पावसाच्या पाण्यात ठेवावा. कासचा गाळ मात्र उचलू नये.

कास २०१२ पासून पश्चिम घाटाच्या जागतिक वारसा स्थळांत आहे. तिथली गर्दी ऑगस्ट ते ऑक्टोबरची, रानफुलांसाठी. डबक्यांतले जीवन त्याआधीच, जूनमध्ये सुरू झालेले असते, त्यामुळे त्याला प्रेक्षक नाहीत आणि फारसे वालीही नाहीत. गाडीचे चाक खळग्यातून गेले की कित्येक वर्षांची अंड्यांची शिल्लक चिरडली जाते. फुले आणि हे जीव यांचा एक थेट संबंधही आहे. सीतेची आसवे म्हणून ज्या निळ्या-जांभळ्या फुलांचे फोटो काढले जातात, ती युट्रिक्युलॅरिया कीटकभक्षी आहे. तिच्या जमिनीतल्या बारीक फुग्यांत ओल्या मातीतले सूक्ष्म जीव ओढले जातात. तिच्या पाण्यात तरंगणाऱ्या भावंडांचे फुगे मोठे असतात आणि त्यांत सायक्लॉप्स व डॅफ्नियाची पिल्ले हमखास सापडतात. चार्ल्स डार्विनने १८७५ मध्ये या फुग्यांतल्या भक्ष्याचे वर्णन करताना एंटोमोस्ट्राका हाच शब्द योजला होता.

विहिरी आणि नारू : माणसाच्या इतिहासात या गटातल्या सर्वांत कुप्रसिद्ध ठरलेला जीव म्हणजे सायक्लॉप्स. रशियन शास्त्रज्ञ फेदचेन्को याने १८७० मध्ये दाखवले, की नारूचा जंत सायक्लॉप्सच्या पोटातून माणसात जातो. रोग्याच्या पायावरच्या फोडाला पाणी लागले की मादी जंत आपली पिल्ले पाण्यात सोडते. ती सायक्लॉप्स गिळतो, त्याच्या अंगात ती सुमारे दोन आठवड्यांत तयार होतात आणि ते पाणी प्यायलेल्या माणसाच्या पायातून वर्षभराने हातभर लांब धागा बाहेर येऊ लागतो. काडीला गुंडाळत रोज थोडाथोडा ओढून काढणे, एवढाच उपाय होता. तुटला तर जखम चिघळे.

या साखळीत पायऱ्यांची विहीर हा कच्चा दुवा होता, कारण तिथे माणूस पाण्यात उतरून घागर भरतो. साताऱ्याजवळ लिंब येथील, १७१९ ते १७२४ या काळात बांधलेली बारा मोटेची विहीर हा पायऱ्यांच्या विहिरींचा जिल्ह्यातला सर्वांत देखणा नमुना. तिच्यावर नारूचा ठपका ठेवायचे काही कारण नाही. तिथे पाणी मोटांनी वर खेचले जाई, आणि खेचून काढलेल्या पाण्यात पाय बुडत नाहीत. राष्ट्रीय नारू निर्मूलन कार्यक्रमाने १९८० च्या दशकापासून नेमके हेच केले. पायऱ्या बंद करून उपशाच्या विहिरी करणे, हातपंप बसवणे, पाण्यात टेमीफॉस हे सायक्लॉप्स मारणारे औषध टाकणे आणि दुहेरी फडक्याने पाणी गाळायला लावणे. भारतातला शेवटचा रुग्ण १९९६ मध्ये राजस्थानात आढळला आणि २००० मध्ये देश नारूमुक्त जाहीर झाला.

फडके का चालते, तर सायक्लॉप्स साधारण एक मिलिमीटरचा असतो आणि घट्ट विणीतून जात नाही. घरगुती मात्रेच्या क्लोरीनला तो सहसा दाद देत नाही, गाळण्याला देतो. सांगलीकडच्या जैन शेतकरी घरांत पाणी गाळूनच प्यायचे आणि फडक्यावर उरलेले जीव त्याच विहिरीत परत सोडायचे, अशी अहिंसेपोटीची रीत आहे. बांगलादेशात झालेल्या आणि २००३ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका पाहणीत, जुनी साडी किमान चार पदरी करून पाणी गाळणाऱ्या गावांत पटकी जवळपास निम्म्याने कमी आढळली. पटकीचे जंतू एकेकटे फडक्यातून सहज निसटतात, पण पुष्कळसे कोपेपोडांना चिकटलेले असतात आणि त्यांच्याबरोबर अडकतात.

सायक्लॉप्सला नुसता खलनायक ठरवणेही बरोबर नाही. त्याचा सख्खा भाऊ मेसोसायक्लॉप्स डेंग्यूच्या डासांच्या नुकत्या जन्मलेल्या अळ्या फस्त करतो. व्हिएतनाममध्ये १९९० च्या दशकापासून तो मुद्दाम पाण्याच्या टाक्यांत सोडला गेला आणि कित्येक गावांतून हे डास नाहीसे झाले. जतसारख्या, हौदात आणि बॅरलमध्ये पाणी साठवून ठेवावे लागणाऱ्या तालुक्यात हा उपाय विचारात घेण्याजोगा आहे.

मत्स्यशेती : शेततळ्यात कटला, रोहू, मृगळ सोडणाऱ्याला एंटोमोस्ट्राका हे नाव माहीत नसते, पण प्राणीप्लवंग (पाण्यात तरंगणारे बारीक प्राणी) हा शब्द पाठ असतो, आणि त्या प्लवंगात मोठा वाटा यांचाच. बारीक जाळीतून ५० लिटर पाणी गाळल्यावर १ ते २ मिलिलिटर प्लवंग बसले, तर तळे बीज सोडण्याजोगे मानतात. मात्र कोणते प्लवंग, हेही पाहावे लागते. मोइना हे पिल्लांचे उत्तम खाद्य. सायक्लॉप्सची गर्दी असेल तर तोच चार दिवसांच्या मत्स्यजिऱ्यावर, म्हणजे माशांच्या नवजात पिल्लांवर, तुटून पडतो. पिल्लांची बोटभर लांबीची बोटुकली झाल्यावर हा हिशेब उलटतो आणि सायक्लॉप्स तिचे भक्ष्य होतो.

उपद्रवी नातेवाईक दोन. लर्नियाची मादी नांगरासारखे डोके माशाच्या मांसात रुतवते आणि बाहेर फक्त दोऱ्यासारखे अंग लोंबते. लिनीयसने तिला कृमींत टाकले होते, ती कोपेपोड आहे हे तिच्या नॉप्लियसवरून कळले. अर्गुलस, म्हणजे माशाची ऊ, पानासारखी चपटी असते आणि दोन चूषकांनी कातडीला चिकटते. उवा लागलेले मासे काठाला अंग घासतात, खाणे सोडतात. ही ऊ अंडी मात्र माशावर घालत नाही, पाण्यातल्या कठीण पृष्ठभागावर चिकटवते. म्हणून तळ्यात बांबू किंवा फळ्या रोवून ठेवतात आणि दर काही दिवसांनी त्या काढून अंड्यांसकट कडक उन्हात वाळवतात.