शब्दऊर्जा

शब्दऊर्जा : शब्द आणि अर्थ यांना एकमेकांशी बांधून ठेवणारी, कल्पित विश्वातली शक्ती. तिच्या बळावर ‘पेट’ म्हटले की पेटते आणि दाराचे नेमके नाव घेतले की दार उघडते. फँटसी साहित्यात आणि व्हिडिओ गेममध्ये ती खरे नाव, आदिभाषा, सृष्टीचा शब्द अशा निरनिराळ्या रूपांत येते. साध्या जादूमंत्राहून ती वेगळी मानावी लागते. मंत्रात शब्द हे हत्यार असते आणि शक्ती बाहेरून, देवतेकडून किंवा भुताकडून येते. इथे शक्ती भाषेतच मुरलेली असते.

या कल्पनेचे सर्वांत नेमके वर्णन तिच्या विरोधकांनी, म्हणजे न्यायदर्शनाच्या अनुयायांनी (नैयायिकांनी), करून ठेवले आहे. शब्द व अर्थ यांचा संबंध ‘औत्पत्तिक’ म्हणजे मुळापासूनचा, कोणी ठरवून न दिलेला आहे, असे मीमांसक, म्हणजे वेदवाक्यांचा अर्थ लावणाऱ्या दर्शनाचे अनुयायी, मानत. शब्द आणि वस्तू खरोखरच एकमेकांना चिकटलेले असते तर काय झाले असते, असा उलट प्रश्न नैयायिकांच्या मूळ ग्रंथात, न्यायसूत्रांच्या दुसऱ्या अध्यायात येतो. या सूत्रांवरील वात्स्यायनाच्या भाष्यात त्याची उदाहरणे आहेत : ‘अन्न’ म्हणताच तोंड भरले असते, ‘अग्नी’ म्हणताच भाजले असते, ‘असि’ म्हणताच तलवारीने कापले असते. तसे होत नाही, म्हणून अर्थ हा संकेताने ठरतो. (मीमांसकांनाही इतका शारीरिक संबंध अभिप्रेत नव्हता, हे त्यांच्या बाजूने सांगायला हवे.) भाषाशास्त्रज्ञ सोस्यूर यांच्या 1916 साली, त्यांच्या मृत्यूनंतर प्रसिद्ध झालेल्या व्याख्यानांतही भाषिक चिन्ह यादृच्छिक, म्हणजे वस्तूशी स्वाभाविक नाते नसलेले, असल्याचेच प्रतिपादन आहे. शब्दऊर्जेचे विश्व म्हणजे नैयायिकाची जीभ खरोखर भाजते ते विश्व.

पुराकथांत अशा विश्वाचे तुकडे विखुरलेले आहेत. इजिप्तच्या कथेत इसिस रा या देवाच्या लाळेपासून साप घडवते आणि त्याच्या दंशाने कळवळणाऱ्या रा कडून त्याचे गुप्त नाव काढून घेते. नाव हाती आले की सत्ता हाती येते. ज्यू परंपरेतल्या काही कथांत मातीचा पुतळा ‘एमेत’ म्हणजे सत्य या शब्दावर जिवंत राहतो. पहिले अक्षर पुसले की ‘मेत’ म्हणजे मृत एवढेच उरते आणि पुतळा कोसळतो.

शब्दऊर्जेचा खरा कस चुकीच्या उच्चारात लागतो. वैदिक देवशिल्पी त्वष्ट्याची कथा इथे आदर्श ठरावी. इंद्राने मुलाला मारले म्हणून त्वष्ट्याने सूडाचा यज्ञ मांडला आणि ‘इंद्रशत्रू वाढो’ अशा अर्थाचे वचन उच्चारले. त्याच्या मनात होते इंद्राचा घात करणारा. त्यासाठी समासात शेवटचा स्वर उदात्त, म्हणजे उंच सुरात, हवा होता. तो उंच सूर पडला पहिल्या स्वरावर, आणि अर्थ झाला इंद्र ज्याचा घात करणार आहे असा. त्या यज्ञातून वृत्र जन्मला, वाढला आणि इंद्राच्याच हातून मेला. ऊर्जेने आज्ञा तंतोतंत पाळली होती. वक्त्याचा हेतू तिला कळत नाही, कळते ते फक्त व्याकरण. वैयाकरण पतंजलीने महाभाष्यात या वचनाचा दाखला व्याकरण का शिकावे हे सांगतानाच दिला आहे.

असे विश्व रचणाऱ्याला काही कठीण प्रश्नांची उत्तरे द्यावी लागतात आणि पुष्कळजण ती टाळतात. समानार्थी शब्दांचे काय? ‘पाणी’, ‘जल’, ‘उदक’ यांपैकी कोणत्या शब्दाने विहीर भरते? एकच खरा मानला तर बाकीचे नुसते आवाज ठरतात. सगळेच खरे मानले तर ऊर्जा शब्दात नसून अर्थात आहे, असे कबूल करावे लागते आणि मग आदिभाषेचा डोलारा कशासाठी? खोटे बोलण्याची अडचण याहून मोठी. शब्द वस्तूला बांधलेला असेल तर खोटे वाक्य एक तर बोलताच येत नाही, किंवा बोलताक्षणी खरे होते. पहिल्या प्रकारच्या विश्वात कपट मौनातून आणि अर्धसत्यातून करावे लागते, आणि तिथेच कथेला धार येते. दुसऱ्या प्रकारात काहीही बोलले तरी घडत असल्याने ताण टिकवणे अवघड जाते. म्हणून लेखक श्वास, आयुष्य किंवा स्मृती अशी किंमत लावतात.

अर्थ काळानुसार सरकतो, ही बाजू मात्र फारशी हाताळली जात नाही. ‘मृग’ म्हणजे एके काळी कोणताही वन्य पशू, आता फक्त हरीण. ऋग्वेदात ‘असुर’ हे वरुणासारख्या देवाचेही गौरवाचे विशेषण आहे, पुढे ते देवांच्या वैऱ्यांचे नाव झाले. जिवंत शब्दऊर्जा असलेल्या विश्वात अर्थाची ही घसरण नुसती कोशात नोंदवून भागणार नाही. तिथे एखाद्या पिढीने शब्द सैलपणे वापरला तर अरण्यातला वाघ हळूहळू विरळ होत जाईल, आणि ज्याला कालपर्यंत यज्ञातला हविर्भाग मिळत होता त्या देवाला एके सकाळी दारातूनच हाकलले जाईल.