ब्युमॅरिसचा किल्ला

वेल्सच्या वायव्येस अँगलसी बेटावर, मेनाई सामुद्रधुनीच्या पूर्व टोकाशी असलेला मध्ययुगीन भुईकोट. इंग्लंडचा राजा पहिला एडवर्ड याने तो १२९५ मध्ये बांधायला घेतला आणि १३३० च्या सुमारास काम अर्धवट थांबले. वेल्स ताब्यात ठेवण्यासाठी एडवर्डने उभारलेल्या मोठ्या किल्ल्यांपैकी हा शेवटचा. कॉन्वी आणि कॅर्नार्व्हन त्यांच्या उंचीमुळे लांबूनच नजरेत भरतात. ब्युमॅरिस बुटका दिसतो. त्याचे मोठेपण आखणीत आहे. दुहेरी तटाची इतकी प्रमाणबद्ध रचना ब्रिटनमध्ये दुसऱ्या कोणत्याही किल्ल्यात नाही.

एडवर्डने १२८२–८३ च्या मोहिमेत वेल्स जिंकले होते, पण १२९४ च्या शरद ऋतूत मॅडोग ॲप लुवेलिन याच्या नेतृत्वाखाली उठाव झाला. बंडखोरांनी अँगलसी घेतले, कॅर्नार्व्हन जाळले आणि बेटावरच्या राजाच्या शेरीफला ठार केले. हिवाळ्यात उठाव मोडून एप्रिल १२९५ मध्ये एडवर्ड बेटावर उतरला आणि लगेच कामाला हात घातला गेला. जवळच लानवायस हे भरभराटीचे वेल्श बंदर होते. नव्या इंग्रज वसाहतीला जागा करून देण्यासाठी तेथील रहिवाशांना उठवून बेटाच्या नैर्ऋत्येस न्यूबरो येथे नेऊन बसवले. किल्ल्याच्या इतिहासात हा भाग एका ओळीत उरकला जातो, पण उखडलेल्या गावाची किंमत बांधकामाच्या कोणत्याही हिशेबात नाही.

बांधणीची सूत्रे सॅव्हॉयहून आलेल्या सेंट जॉर्जच्या मास्टर जेम्सकडे होती. हार्लेक आणि कॉन्वीचे कामही त्यानेच पाहिले होते. तिथे खडकाच्या आकाराप्रमाणे तट वळवावा लागला. इथे सपाट दलदलीची जमीन मिळाल्याने हवी तशी आखणी करता आली. मधोमध जवळपास चौरस आतला कोट, चार कोपऱ्यांवर गोल बुरूज, पूर्व-पश्चिम बाजूंच्या मध्यावर आणखी एकेक बुरूज, आणि दक्षिण-उत्तरेला समोरासमोर दोन प्रचंड दरवाजे. हा तट सुमारे ११ मीटर उंच आणि ४.७ मीटर जाड आहे. त्याच्या पोटातून पहिल्या मजल्याच्या पातळीवर अरुंद वाट फिरते आणि शौचकूपही तिथेच आहेत. त्यांचा मैला बाहेर वाहून जाण्याची सोय केलेली होती, पण ती नीट चालली नसावी.

आतल्या कोटाभोवती अष्टकोनी बाहेरचा तट आणि त्याभोवती भरतीच्या पाण्याचा खंदक. बाहेरचा तट मुद्दाम ठेंगणा ठेवला, म्हणजे दोन्ही तटांवरच्या तिरंदाजांना एकाच वेळी मारा करता यावा. बाहेरचा समुद्राकडचा दरवाजा आतल्या दरवाजाच्या थेट समोर नाही. त्यामुळे शत्रू आत शिरलाच, तरी त्याला दोन तटांमधल्या चिंचोळ्या जागेत वळावे लागे आणि वळताना त्याची कूस आतल्या तटाकडे उघडी पडे. दरवाजालगत छोटी गोदी होती. वेढा पडला तरी रसद समुद्रातून थेट किल्ल्यात यावी, हा तिचा हेतू. वेल्समध्ये जमिनीवरच्या वाटा बंडखोरांच्या हाती जात, म्हणून ही सोय जीवन-मरणाची होती.

कामाचा वेग आणि खर्च किती होता, हे जेम्स आणि हिशेबनीस वॉल्टर ऑफ विंचेस्टर यांनी २७ फेब्रुवारी १२९६ रोजी राजाच्या खजिन्याला लिहिलेल्या पत्रातून कळते. आठवड्याला २५० पौंड लागतात. एवढा पैसा जातो कुठे असे वाटेल म्हणून ते माणसे मोजून दाखवतात: ४०० गवंडी, २,००० बिगारी, खाणीत दगड फोडणारे २००, लोहार ३०, शिवाय सुतार. दगड आणि कोळसा आणायला १०० गाड्या, ६० मोठ्या गाड्या आणि ३० होड्या. कोळसा लागे तो मुख्यतः चुन्याच्या भट्ट्यांसाठी. तट कुठे २८ फूट चढला होता, सर्वांत कमी जागी २० फूट. ४० टनांचे जहाज भरतीला भरल्या मालासह दरवाजापर्यंत येऊ शकेल, असेही ते कळवतात. पण मजुरी थकली होती, माणसांजवळ खायलाही काही उरले नव्हते आणि त्यांना कामावर टिकवणे कठीण झाले होते. पत्राखालच्या ताज्या कलमात देवाची शपथ घालून विनवणी आहे: पैसे लवकर पाठवा, नाहीतर आजवरचे सगळे वाया जाईल.

घडलेही जवळपास तसेच. एडवर्डचे लक्ष आणि खजिना स्कॉटलंडच्या युद्धाकडे वळला आणि १३०० पर्यंत काम बंद पडले. स्कॉटिश स्वारीच्या भीतीने १३०६ मध्ये ते पुन्हा सुरू झाले. १३०९ च्या सुमारास जेम्स वारला. पुढची धुरा निकोलस डी डर्नफर्डने वाहिली. शेवटी काम थांबले तेव्हा एकूण खर्च सुमारे १५,००० पौंडांवर गेला होता. अपुरे छप्पर आणि उघडे लाकूड पावसात तग धरत नाही: १३४३ च्या पाहणीत आणखी ६८४ पौंड तरी लागतील असा अंदाज निघाला.

वेढ्याचा प्रसंग या किल्ल्यावर फारसा आला नाही. ओवेन ग्लिनडूरच्या उठावात १४०३ मध्ये तो वेल्श लोकांनी घेतला, १४०५ मध्ये इंग्रजांनी परत मिळवला. सतराव्या शतकातल्या यादवी युद्धात तो राजपक्षाकडे होता आणि १६४६ मध्ये संसदेच्या सैन्याला शरण गेला. पुढे त्याच्या छपराचे शिसे काढून नेण्यात आले. १८०७ मध्ये तो बल्कली घराण्याने राजसत्तेकडून ७३५ पौंडांना विकत घेतला, १९२५ मध्ये सरकारकडे सोपवला आणि १९८६ पासून तो जागतिक वारसा यादीत आहे. देखभाल कॅडू ही वेल्सची वारसा संस्था करते.

अपुरेपणा पाहायचा तर आतल्या चौकात उभे राहून उत्तर दरवाजाची मागची बाजू पाहावी. पहिल्या मजल्यावरच्या दिवाणखान्याच्या पाच भव्य खिडक्या तिथे आहेत. त्यावरचा मजला बांधलाच गेला नाही. दक्षिण दरवाजाची मागची बाजू तर पायाच्या जेमतेम वर आली आहे, आणि बुरुजांवर ठरलेले टेहळणीचे मनोरे कुठेच चढले नाहीत.