रडका शिंजी आणि कॅमेऱ्याची जागा

‘निऑन जेनेसिस इव्हँगेलियन’चा विषय निघाला की कुणीतरी हमखास म्हणतं, ‘शिंजी, मुकाट्याने रोबोटमध्ये जाऊन बस!’ या एका वाक्यावर आंतरजालावर विनोदांचं पीक आलेलं आहे. शिंजी इकारी हा या जपानी ॲनिमे मालिकेचा चौदा वर्षांचा नायक. रडका, शेळपट, ऐनवेळी कच खाणारा, अशी त्याची जगभर ख्याती. हिदेआकी आन्नो यांनी दिग्दर्शित केलेली ही मालिका ४ ऑक्टोबर १९९५ रोजी जपानच्या टीव्ही टोकियोवर सुरू झाली आणि मार्च १९९६ मध्ये २६व्या भागावर संपली. २०१९ मध्ये ती नेटफ्लिक्सवर आली आणि आपल्याकडच्या कॉलेजातल्या पोरांनीही त्या रडतराऊतावर तोच शिक्का मारला.

शिक्का चूक की बरोबर, यावर भांडायला मी बसलेलो नाही. मला गंमत वाटते ती वेगळीच. मालिकेतली बाकीची पात्रंही शिंजीकडे बघताना प्रेक्षकांसारखीच घसरतात. त्यातल्या एकाचं मत पुढे बदलतं, आणि ते ज्या रीतीने बदलतं ती रीत सामाजिक मानसशास्त्रातल्या एका जुन्या प्रयोगाशी चक्क जुळते. (मालिका अजून पाहिली नसेल, तर सुरुवातीच्या चार भागांची आणि पुढच्या एका प्रसंगाची कथा इथे फुटणार आहे, तेव्हा बेतानेच वाचा.)

पहिला भाग घ्या. वर्षानुवर्षं तोंड न दाखवलेल्या बापाने पत्र पाठवून बोलावलं म्हणून शिंजी तोक्यो-३ शहरात येतो. शहरावर एक अजस्र प्राणी चालून आलेला असतो. बाप, म्हणजे गेंडो इकारी, नर्व्ह या संस्थेचा सर्वेसर्वा. तो उंचावरून खाली उभ्या पोराला सांगतो, हे समोरचं ईव्हा नावाचं महाकाय यंत्र चालव, नाहीतर चालता हो. सराव नाही, माहिती नाही, साधं ‘कसा आहेस’ नाही. मुलगा नकार देतो. मग ईव्हाची आधीची चालक, त्याच्याच वयाची रेई आयानामी, तिला जखमी अवस्थेत स्ट्रेचरवरून आणतात. तू नाहीस तर ही, असा सरळ हिशोब. शिंजी तयार होतो. या सगळ्यात मिसातो कात्सुरागी, जी पुढे त्याची पालक होते आणि तशी मनाने चांगली आहे, ती त्याला काय सांगते? पळू नकोस, वडिलांपासून आणि मुख्य म्हणजे स्वतःपासून. म्हणजे परिस्थिती एवढी वेडीवाकडी असताना गोची शोधली गेली ती पोराच्या आत.

माणसाच्या वागण्याचं कारण त्याच्या स्वभावात शोधायचं आणि त्याच्यावरचा दाब हिशोबात धरायचा नाही, या खोडीला ली रॉस यांनी १९७७ मध्ये ‘फंडामेंटल ॲट्रिब्युशन एरर’ असं भारदस्त नाव दिलं. खोडी त्याआधीच प्रयोगात पकडली गेली होती. १९६७ मध्ये एडवर्ड जोन्स आणि व्हिक्टर हॅरिस यांनी लोकांना क्यूबाचे नेते फिडेल कास्ट्रो यांच्याबद्दलचे निबंध वाचायला दिले. काही निबंध बाजूचे, काही विरोधातले. लेखकाचं खरं मत काय असेल ते १० ते ७० या पट्टीवर सांगायचं. लेखकाने बाजू स्वतः निवडली होती असं सांगितलं तेव्हा बाजूच्या निबंधाला सरासरी ५९.६ आणि विरोधातल्याला १७.४ आली. हे ठीकच. पण बाजू त्याच्यावर लादली होती, असं स्पष्ट सांगूनही सरासरी ४४.१ आणि २२.९ आली. लादलेल्या निबंधावरून मत कळूच शकत नाही, तेव्हा दोन्ही आकडे जवळपास सारखे यायला हवे होते. सक्ती झाल्याचं वाचकांना ठाऊक होतं, तरीही ते गुण देताना तिला पुरतं मोजत नव्हते.

आता माझ्या आवडीच्या भागाकडे येतो. तिसऱ्या भागात तोजी सुझुहारा हा वर्गमित्र शिंजीला शाळेच्या आवारात ठोसा मारतो. शिंजीच्या पहिल्या लढाईत पडझड होऊन तोजीची धाकटी बहीण जखमी झालेली असते. तोजीचा निष्कर्ष सरळ आहे: याला नीट चालवता येत नाही आणि वर मिरवतो. पुढच्या हल्ल्याच्या वेळी तोजी आणि त्याचा दोस्त केन्सुके लढाई बघायला आसऱ्यातून गुपचूप बाहेर पडतात. केन्सुकेला युद्धसामग्रीचं भारी वेड, त्याच्या हातात व्हिडिओ कॅमेरा. शिंजीचं ईव्हा नेमकं त्यांच्या टेकडीवर येऊन आदळतं. दोघे चिरडू नयेत म्हणून मिसातो त्यांना चालकाच्या कुपीत घ्यायला लावते. ती कुपी द्रवाने भरलेली, त्यात केन्सुकेचा कॅमेरा भिजतो. मग ते दोघे माघारीचा हुकूम झुगारून किंचाळत सुरी घेऊन धावलेला शिंजी बघतात, आणि सगळं संपल्यावर अंधारात वाकून हुंदके देणारा शिंजीही बघतात. त्यानंतर शिंजीबद्दल तोजीच्या तोंडून वाकडा शब्द निघत नाही.

दहीहंडीच्या वरच्या थरावर चढवलेल्या पोराचे लटपटणारे पाय खालून सगळ्या गर्दीला दिसतात, पण त्याला वरून जे दिसत असतं ते खाली कुणालाच दिसत नाही. जोन्स आणि रिचर्ड निस्बेट यांनी १९७१ मध्ये हीच गोष्ट सिद्धांत म्हणून मांडली. आपण स्वतः काही करतो तेव्हा आपले डोळे बाहेर वळलेले असतात, म्हणून कारण परिस्थितीत दिसतं. दुसरा करतो तेव्हा आपल्या नजरेच्या मध्यभागी तो माणूस असतो, म्हणून कारण त्याच्यात दिसतं. मायकेल स्टॉर्म्स यांच्या डोक्यात यावरून एक साधा प्रश्न आला: मग नजरेची जागाच बदलली तर?

१९७३ मध्ये छापून आलेल्या त्यांच्या प्रयोगात प्रत्येक वेळी चौघे असत. दोन अनोळखी माणसं समोरासमोर बसून पाचेक मिनिटं ओळखीच्या गप्पा मारायची. उरलेले दोघे प्रेक्षक. एकाने ‘अ’कडे बघायचं, दुसऱ्याने ‘ब’कडे. दोन कॅमेरे, एक ‘अ’च्या चेहऱ्यावर, दुसरा ‘ब’च्या. गप्पा संपल्या की संशोधक थाप मारायचा, एकच कॅमेरा नीट चालला, तेव्हा एकच चित्रफीत बघू. समजा ती ‘अ’ची आहे. (पुढचं सावकाश वाचा, इथे गाडी रुळावरून घसरते.) ‘ब’ने मघाशीही ‘अ’चाच चेहरा पाहिला होता, त्याला नवं काही नाही. ‘अ’च्या प्रेक्षकालाही नाही. पण खुद्द ‘अ’ आता स्वतःला बाहेरून बघतो. आणि ज्या प्रेक्षकाने आतापर्यंत फक्त ‘ब’ला पाहिलं होतं, त्याला ‘ब’च्या डोळ्यांना काय दिसत होतं ते दिसतं. मग सगळ्यांना विचारायचं: तुमचा माणूस असा वागला तो किती स्वभावामुळे आणि किती प्रसंगामुळे?

ज्यांची नजर बदलली नाही त्यांची उत्तरं सिद्धांताबरहुकूम आली: करणारा प्रसंगाकडे बोट दाखवतो, बघणारा स्वभावाकडे. ज्यांची नजर बदलली त्यांची उत्तरं उलटली. स्वतःला पडद्यावर पाहिलेला माणूस स्वतःच्या स्वभावाला जास्त जबाबदार धरू लागला. करणाऱ्याच्या जागेवरून पाहिलेला प्रेक्षक प्रसंगाला जास्त महत्त्व देऊ लागला. कुणी कुणाला उपदेश केला नव्हता, सहानुभूती बाळगा म्हणून सांगितलं नव्हतं. नवी माहितीही जवळपास शून्य. बदलली ती फक्त कॅमेऱ्याची दिशा. १९७५ मध्ये शेली टेलर आणि सुसान फिस्क यांनी दोन बोलणाऱ्यांच्या भोवती सहा प्रेक्षक बसवून पाहिले. ज्याचा चेहरा समोर, तोच संभाषण चालवतोय असं त्यांना वाटलं. बाजूला बसलेल्यांना दोघे सारखेच वाटले.

आता तोजीकडे बघा. टेकडीवर तो ‘ब’च्या प्रेक्षकासारखा होता, कुपीत तो ‘ब’च्या जागेवर पोहोचला. अर्थात कथा म्हणजे पुरावा नव्हे. तोजीला जीव वाचवल्याची भीडही असेल, ठोसा मारल्याची लाजही असेल. शिवाय स्टॉर्म्स यांच्या प्रेक्षकांना कुणी बुडवून किंचाळ्या ऐकवल्या नव्हत्या.

पण शिंजीच्या बाबतीत जे होतं ते मला जास्त विलक्षण वाटतं. चौथ्या भागात तो सगळं सोडून निघतो तेव्हा स्टेशनवर तोजी येतो आणि फिटंफाट म्हणून आपल्याला मार म्हणतो. शिंजी मारतो, आणि मग ओरडून सांगतो की मार खायला हवा तो मीच, मीच भित्रा, लबाड, दुबळा आहे. म्हणजे तोजी आत गेला आणि शिंजी बाहेर येऊन उभा राहिला! पडद्यावर स्वतःला बघणाऱ्या ‘अ’सारखा तो स्वतःवरच स्वभावाची कलमं लावतो. पुढे सोळाव्या भागात त्याच्याच मनातला दुसरा शिंजी त्याला ऐकवतो की मिसातोच्या मनात एक शिंजी आहे, असुका या दुसऱ्या ईव्हाचालक मुलीच्या मनात एक, रेईच्या आणि बापाच्या मनात आणखी वेगळे, आणि तू घाबरतोस ते या शिंजींना. लिन ॲब्रमसन, मार्टिन सेलिगमन आणि जॉन टीसडेल यांनी १९७८ मध्ये नैराश्याकडे झुकणाऱ्या माणसाच्या विचारांची जी ढब मांडली तीही अशीच आहे: वाईट घडलं ते माझ्यामुळे, हे कायमचं आहे, आणि हे सगळ्याच बाबतीत आहे.

मग बाकीच्यांना हे का दिसू नये? मिसातोला, नर्व्हमधली शास्त्रज्ञ डॉक्टर रित्सुकोला शिंजीवर काय बेततंय याची पुरेपूर माहिती आहे. साळिंदरांची गोष्ट, जवळ यावं तर काटे टोचतात, ही शिंजीला लावून दाखवते ती रित्सुकोच. माहिती असून उपयोग का होत नाही, याचं एक उत्तर डॅनियल गिल्बर्ट आणि सहकाऱ्यांच्या १९८८ च्या प्रयोगात आहे. एका अस्वस्थ बाईची मूक चित्रफीत लोकांना दाखवली. ती कशावर बोलतेय ते खाली अक्षरांत येत होतं. काहींना लाजिरवाणे विषय दाखवले, काहींना साधे. विषय लाजिरवाणे असतील तर कुणीही चुळबुळणारच, तेवढी सूट बाईला द्यायला हवी. लोकांनी ती दिली. पण ज्यांना ते विषयच पाठ करायला सांगितलं होतं, त्यांनी दिली नाही! सूट देण्याचं कारण जिभेच्या टोकावर, तरी ती बाईच मुळात घाबरट ठरली. स्वभावाचा शिक्का आपोआप बसतो, तो पुसायला मात्र डोक्याला मोकळीक लागते. नर्व्हच्या नियंत्रण कक्षात मोकळीक कुणाला आहे? भिंतभर पडद्यांवर ईव्हा बाहेरून दिसतंय, मुलगा म्हणजे एक सिंक रेटचा, म्हणजे यंत्राशी तो किती जुळला त्याचा, आकडा, आणि मिसातो लढाईचे हुकूम देतेय. घरी तीच मिसातो स्वतःच्या मेलेल्या बापाचं ओझं वाहतेय. असुकाचं तर सगळं लक्ष आपण कमी पडत नाही ना, इकडे.

जाता जाता. जपानमध्ये पात्रांच्या परिचयात उंची आणि वाढदिवसाशेजारी रक्तगटही छापतात, कारण रक्तगटावरून स्वभाव कळतो अशी तिथे लोकप्रिय समजूत आहे. १९२७ मध्ये ताकेजी फुरुकावा यांनी तिला शास्त्राचा मुलामा दिला. पुढे मोठ्या पाहण्यांत तसा संबंध काही सापडला नाही. आपल्याकडे हे खातं पत्रिकेतल्या मंगळाकडे आहे. साडेसाती त्यातल्या त्यात बरी म्हणायची, ती निदान दोष परिस्थितीला देते. पाच मिनिटांच्या व्हिडिओत शिंजीला दोन-तीन मानसिक आजार बहाल करणारी मंडळीही याच पंक्तीतली.

आता थोडं पाणी ओतायला हवं. बरट्रॅम मॅली यांनी २००६ मध्ये करणारा-बघणारा या फरकावरचे १७३ अभ्यास एकत्र तपासले, तेव्हा सरासरी फरक शून्याच्या आसपास निघाला. वाईट घटनांत तो दिसतो, चांगल्या घटनांत उलटतो, असा मामला. म्हणजे पाठ्यपुस्तकात छापतात तेवढा हा नियम सरसकट नाही. संस्कृतीचाही वाटा आहे. जोन मिलर यांनी १९८४ मध्ये म्हैसूर आणि शिकागोतल्या लोकांची तुलना केली. आठ वर्षांच्या मुलांत फारसा फरक नव्हता, पण मोठेपणी अमेरिकी माणसं स्वभावाकडे झुकली आणि म्हैसूरची परिस्थितीकडे. इंचॉल चोई आणि निस्बेट यांनी १९९८ मध्ये कास्ट्रोसारखाच प्रयोग कोरियात केला. बाजू लादलेली होती असं नुसतं सांगून कोरियन लोकही अमेरिकनांइतकेच चुकले. पण आधी स्वतःला सक्तीने निबंध लिहायला लावल्यावर त्यांची चूक कमी झाली, अमेरिकनांची झाली नाही. तोजीला अमेरिकेत जन्माला घातला असता तर काय झालं असतं, हा प्रश्न मी चाहत्यांवर सोडतो.

कॅमेऱ्याच्या दिशेचा मुद्दा मात्र इतर ठिकाणीही टिकला आहे. डॅनियल लॅसिटर यांनी १९८६ पासून पोलीस चौकशीच्या चित्रणांवर प्रयोग केले. कॅमेरा फक्त संशयितावर रोखलेला असेल तर बघणाऱ्यांना त्याचा कबुलीजबाब जास्त राजीखुशीचा वाटतो. अधिकारीही चौकटीत आला की तोच जबाब कमी राजीखुशीचा वाटतो. २००७ मध्ये त्यांनी हे न्यायाधीश आणि चौकशी अधिकाऱ्यांवर तपासलं, अनुभवाचा काही उपयोग झाला नाही. आपल्याकडे सर्वोच्च न्यायालयाने २ डिसेंबर २०२० रोजी सर्व पोलीस ठाण्यांत आणि चौकशी करणाऱ्या केंद्रीय यंत्रणांच्या कार्यालयांत सीसीटीव्ही बसवायला सांगितले. चित्रण किती महिने ठेवायचं हेही त्यात आलं. न्यूझीलंडच्या पोलिसांनी या संशोधनानंतर दोघेही सारखेच दिसतील अशा बेताने कॅमेरा लावायचं धोरण घेतलं. त्याला नवं यंत्र लागत नाही, असलेलं थोडं बाजूला सरकवावं लागतं.