गावाकडचं रेशन कार्ड ठाण्यात चालतं

‘गावच्या कार्डातून नाव कमी केल्याचा दाखला आणा, मगच ठाण्यात किंवा नवी मुंबईत धान्य मिळेल’ हा समज चुकीचा आहे. नुसतं धान्य घ्यायला नाव कमी करायची गरज नाही, आणि घाईने कमी करूही नका. नवं कार्ड होईपर्यंत दोन्हीकडचं धान्य बंद राहतं.

‘एक देश, एक रेशन कार्ड’ योजनेत कुठल्याही रास्त भाव दुकानात जा. कार्डाचा १२ अंकी क्रमांक किंवा आधार क्रमांक सांगा, ई-पॉसवर (दुकानातल्या अंगठ्याच्या यंत्रावर) अंगठा लावा. प्राधान्य कुटुंबाला (अन्न सुरक्षा यादीतल्या) माणशी ५ किलो, अंत्योदयला (सर्वांत गरीब कुटुंबांना) कार्डामागे ३५ किलो, तेही मोफत. थोडं इथे घेतलं तर उरलेलं घरचे गावी घेऊ शकतात.

अडतं ते बहुधा आधार जोडणी किंवा ई-केवायसी (आधारवरून ओळख पटवणं) राहिल्याने. ई-केवायसी इथल्या दुकानातही होते. अंगठा उमटत नसेल तर ‘मेरा ई-केवायसी’ ॲपवर चेहरा दाखवून करा.

मात्र कार्ड केशरी आहे एवढ्यावर धान्य मिळत नाही, प्राधान्य यादीत नाव लागतं. कायमचं इथलं कार्ड हवं असेल तरच शिधावाटप कार्यालयात अर्ज करा. तेव्हा दाखला लागतो.